पहिला डबा शेवटी

"तुमचं बरं होतं, जन्मभर फुकट सिनेमे बघितलेत," असं लोक मला अजून म्हणतात. खेडजवळच्या आमच्या गावी कायमचा परत आल्यापासून तर जास्तच. मी हसतो आणि मान हलवतो, कारण खरं सांगत बसलं की चहा गार होतो. या अंकाच्या संपादकांनी पानं मोकळी करून दिली आहेत, म्हणून आज सांगतो. ऑपरेटर सिनेमा बघत नाही. तो पडद्याचा उजवीकडचा वरचा कोपरा बघतो. रीळ संपत आलं की तिथं एक ठिपका चमकून जातो. तो दिसला की दुसरा प्रोजेक्टर चालू करायचा, आणि थोड्या वेळानं दुसरा ठिपका दिसला की या मशीनवरून त्या मशीनवर जायचं. हे बरोबर जमलं तर खाली बसलेल्या एकाही माणसाला कळत नाही. चुकलं तर सगळं थिएटर मागे वळतं आणि तुमच्या आईबापांची चौकशी करतं.

बहारीनमध्ये मनामाच्या एका हिंदी थिएटरात मी सव्वीस वर्षं हे काम केलं. आमचं गिऱ्हाईक म्हणजे पठाण, मल्याळी, पंजाबी, बंगाली, अधूनमधून खजूर खात बसणारे बहारीनी म्हातारे, आणि शुक्रवारी हे सगळे एकदम. एक पठाण ड्रायव्हर होता, तो गाणं आवडलं की जिना चढून केबिनचं दार वाजवायचा. "उस्ताद, यल्ला, एक बार और!" रीळ मागे फिरवता येत नाही हे त्याला मी चार वर्षं समजावलं. त्याला पटलं नाही. त्याच्या मते मी आळशी होतो.

याच पठाणानं माझी एकदा लाज राखली. एका सिनेमाचे डबे मुंबईहून आले ते नंबर चुकवून. मी त्या वेळी नवखा होतो, नंबर बघून रिळं लावत गेलो. हिरो हॉस्पिटलात आईच्या मांडीवर डोकं ठेवून मेला, थिएटरभर हुंदके, आणि पुढच्या रिळात तोच हिरो बर्फात लाल स्वेटर घालून नाचायला लागला. शिट्ट्या सुरू झाल्या. पठाण धावत वर आला.

"उस्ताद, वो मर गया था ना?"

"हां."

"तो ये कौन है?"

तोंडाला आलं ते बोललो, "उसका भाई है."

तो खाली गेला, खुर्चीवर उभा राहिला आणि सगळ्यांना ओरडून सांगितलं, "भाई है! जुडवा!" थिएटर शांत झालं. शो सुरळीत पार पडला. डबल रोल छान होता, असं दोघातिघांनी जाताना सांगितलंसुद्धा.

त्या दिवसापासून मी नियम केला. डब्यावरच्या नंबरावर विश्वास ठेवायचा नाही. प्रत्येक रीळ शोच्या आधी टेबलावर हातानं फिरवायचं, दिव्यासमोर धरून चित्रं बघायची, गोष्ट कशी जाते ते ताडायचं, आणि मगच क्रम लावायचा. पुढं चोवीस वर्षांत माझं एकही रीळ मागेपुढे झालं नाही. मला याचा गर्व होता. आता जे सांगणार आहे ते या गर्वाचं घर खाली कसं झालं त्याची हकीकत आहे.

तिच्याआधी आमच्या घरची एक गोष्ट सांगायला हवी. आम्ही उम्म अल हस्सममध्ये एका फ्लॅटात राहायचो, मी आणि माझी बायको हमीदा. मुलगा शिकायला पुण्याला गेला होता. माझं काम दुपारी तीनला सुरू. म्हणजे जगाला सुट्टी झाली की मी कामावर. हमीदाची धाकटी बहीण जैबून पुलापलीकडे अरादला राहायची. हमीदाला तिच्याकडे जावंसं वाटायचं संध्याकाळी, आणि संध्याकाळी मी केबिनमध्ये. म्हणून तिनं एक दिवस सांगितलं की मी गाडी शिकते.

मी तिचा स्पॉन्सर, म्हणजे तिचा व्हिसा माझ्या नावावर. लायसनच्या अर्जाला माझ्या सहीचं पत्र लागायचं, माझी काही हरकत नाही असं. माझी हरकत होती. कसली होती ते मला तेव्हाही नीट सांगता आलं नसतं. आमच्या गावात बायका होडीत बसायच्या, बैलगाडी हाकायच्या, पण मोटार म्हटली की मी विषय बदलायचो. मी कधी नाही म्हटलं नाही. नाही म्हणणारा नवरा वाईट दिसतो. मी म्हणायचो, "इंशाल्ला, बघू." असं मी चार वर्षं बघत होतो. मध्ये ती अर्जाचा कागद आणायची, जेवणाच्या टेबलावर ठेवायची. मी त्यावर पाण्याचा तांब्या ठेवायचो.

अशात हेल्गाबाई आमच्या आयुष्यात आल्या. त्या जर्मन. नवरा तिथल्या एका कारखान्यात इंजिनिअर. साठीच्या आसपासच्या, उंच, आणि बोलताना समोरच्याचं बटण पकडतील असा उत्साह. त्यांना त्यांच्या देशातल्या जुन्या मुक्या सिनेमांचं वेड होतं. तिकडून त्यांनी सोळा मिलिमीटरच्या काही प्रिंट मागवल्या होत्या. सगळ्या सिनेमांचा विषय एकच, लोक म्हणतील तसं न वागणाऱ्या बायका. कोणी पँट घालून सिगारेट ओढते, कोणी लग्न ठरलेल्या दिवशी सर्कशीत जाते. सत्तर वर्षांपूर्वीचा माल, पण बाई त्याच्याबद्दल कालच घडल्यासारखं बोलायच्या. हे खेळ गोऱ्या मंडळींना दाखवून झाले होते, एक सोडून. तो एक त्यांना आधी हिंदुस्थानी बायकांना दाखवायचा होता. सकाळी अकराला, क्लबच्या हॉलमध्ये, मुलं शाळेत असताना.

मला बोलावलं कारण मुका सिनेमा चालवणं हे वेगळं काम आहे. बोलपट सेकंदाला चोवीस चित्रं पळतो. मुका त्याहून हळू, सोळा, अठरा, कधी वीस. त्या काळचे कॅमेरामन हातानं हँडल फिरवायचे, त्यामुळे एकाच सिनेमात वेग बदलतो. चोवीसवर चालवला तर प्रेतयात्राही पळत सुटते. मशीनवर हात ठेवून, माणसाची चाल बघून वेग लावावा लागतो. मला हे सांगता आल्यावर बाईंनी खरोखर माझं बटण पकडलं.

सोबतीला ॲग्नेलो होता, गोव्याचा, हॉटेलात रात्री कीबोर्ड वाजवणारा. मुक्या सिनेमाला संगीत समोर बसून वाजवायचं असतं. ॲग्नेलोला फक्त हॉटेलची गाणी आणि चर्चची गाणी येत होती, त्यामुळे मारामारीला काय वाजवायचं या काळजीत तो होता. मधूनमधून पडद्यावर जर्मन अक्षरांच्या पाट्या येतात, त्या बाई स्वतः इंग्रजीत वाचून दाखवणार होत्या.

खेळाच्या दिवशी सकाळी बाईंचा ड्रायव्हर डबे आणि चिठ्ठी घेऊन आला. नवरा जिन्यावरून घसरला, मनगट मोडलं, बाई त्याच्यासोबत सलमानियाच्या हॉस्पिटलात. चिठ्ठीत लिहिलं होतं, "सुरू करा. पाट्या वाचल्या नाहीत तरी चालेल. चित्रं सगळं सांगतात."

नियमाप्रमाणे मी चित्रं दिव्यासमोर धरून बघितली. पाच डबे. पहिल्या डब्यात लग्न. पांढऱ्या लेसची झालर, लांब केसांची नवरी, भरघोस मिशांचा नवरदेव, चर्च, फुलं, टाळ्या. दुसऱ्यात तीच मुलगी मोठ्या घरात, खिडकीशी बसलेली, आणि मिशीवाला घड्याळ बघून बाहेर जातो आहे. तिसऱ्यात ती केस कापते, शोफरचे कपडे घालते, मोटार शिकते. चौथ्यात डोंगरातले रस्ते, धूळ, पोलीस, कोंबड्या. पाचव्यात मिशीवाला तिला गाठतो, काहीबाही बोलतो, ती त्याला रस्त्यावर ठेवून निघून जाते.

मी टेबलापाशी बसून हसलो. पुन्हा नंबर चुकवले लेकांनी! लग्न पहिल्या रिळात कसं असेल? लग्नानं सिनेमा संपतो. पोरगी घरातून पळते, मोटार उडवते, मिशीवाल्याला झुलवते, आणि शेवटी सगळे राजीखुशी चर्चमध्ये. माझ्या दृष्टीनं हे इतकं स्वच्छ होतं की मला जर्मन लोकांची कीव आली. मी पहिला डबा उचलला आणि शेवटी ठेवला.

हॉल भरला. साठसत्तर बायका असतील, मराठी, गुजराती, मल्याळी, सगळ्या. हमीदाही आली होती. सकाळचा खेळ, नवऱ्याचंच मशीन, आणि फक्त बायका, म्हणून. लग्नाला पंचवीस वर्षं होऊन गेली होती, पण मी चालवलेला सिनेमा तिनं पहिल्यांदाच बघितला.

खेळ फार रंगला. खिडकीशी बसलेली मुलगी बघून बायका च्च् च्च् करत होत्या. मिशीवाला त्यांनी तिचा काका ठरवला. तिनं केस कापले तेव्हा एकीनं "अगं बाई" म्हटलं. मोटार कोंबड्यांत घुसली तेव्हा ॲग्नेलोनं घाबरून ख्रिसमसचं गाणं लावलं आणि ते इतकं जमलं की टाळ्या पडल्या. आणि शेवटी मी पहिला डबा लावला. चर्च, लेस, फुलं. ॲग्नेलोच्या जिवात जीव आला, लग्नाचं वाजवणं तर त्याच्या हातचा मळ. दोनचार जणींनी डोळे पुसले. दिवे लागले तेव्हा मी प्रोजेक्टरमागे जरा वाकून सलामही केला.

घरी जाताना मी गाडी चालवता चालवता बोललो, "बघितलंस? केवढी मोटार उडवली, काय काय केलं. शेवटी आली ना ठिकाणावर?"

हमीदा खिडकीबाहेर बघत होती. सिग्नल सुटला, आम्ही वळलो. मग म्हणाली, "अवो, तिचं केस कवा वाढलं?"

"कसले केस?"

"तिनं कापलं व्हतं ना. कानापरयंत. मग लग्नात कमरंपरयंत कशे?"

"टोप असेल. त्यांच्यात घालतात."

"नि काकाशी कशी लग्न लावते?"

"त्यांच्यात चालतं."

"जर्मन लोकांत काकाशी चालतं?"

मी हॉर्न वाजवला, समोर कोणी नसताना. तिच्या तोंडाची एक बाजू किंचित हलत होती, आणि पंचवीस वर्षांच्या संसारात ती बाजू हलली की मी हरलेला असतो.

तीन दिवसांनी हेल्गाबाई डबे न्यायला आमच्या घरीच आल्या. हमीदानं चहा आणि नारळाच्या वड्या ठेवल्या. बाईंनी विचारलं, कसा झाला खेळ?

"व्हेरी गुड मॅडम. ऑल लेडीज हॅपी."

"शेवट आवडला?"

"व्हेरी मच. शादी में सब रोया."

बाईंचा कप अर्ध्यात थांबला. शेवटी लग्न? लग्न तर पहिल्या पाच मिनिटांत आहे, त्या म्हणाल्या. लग्नानंतर तर गोष्ट सुरू होते.

मी झटकन बोललो, "लेबल निकल गया था मॅडम."

बाई उठल्या, कोपऱ्यातला डबा उचलून आणला आणि माझ्या मांडीवर ठेवला. नंबर कागदावर नव्हताच. पत्र्यात ठोकलेला होता, माझ्या अंगठ्याएवढा एकाचा आकडा. मी खाली बघितलं. हमीदाही बघत होती. चोवीस वर्षांत पहिलं रीळ चुकलं ते नंबर न दिसल्यामुळे नाही, दिसलेला नंबर खोटा ठरवल्यामुळे. हे कबूल करायला मला जे इंग्रजी लागलं असतं ते मला येत नव्हतं, म्हणून मी हिंदीत कबूल केलं. "मॅडम, मैंने सोचा आप लोग का गलती है."

बाई रागावतील असं वाटलं होतं. त्या हसायला लागल्या ते डोळ्यांत पाणी येईपर्यंत. म्हणाल्या, बायकांनी घरी परत यावं असं वाटणारे सिनेमा कंपन्यांचे मालक तेव्हाही होते, पण त्यांना शेवट बदलायला नवीन चित्रीकरण करावं लागलं असतं. तुम्ही नुसता डबा सरकवलात. मग एकदम गंभीर झाल्या. त्याच बायकांना बोलवायचं, पुढच्या आठवड्यात, बरोबर क्रमानं. पाट्या त्या इंग्रजीत वाचणार. निम्म्या बायकांना इंग्रजी येत नव्हतं, म्हणून प्रत्येक पाटी हिंदीत मोठ्यानं सांगायची. कोणी? ज्यानं डबा सरकवला त्यानं.

मी सुटायचे बरेच प्रयत्न केले. घसा दुखतो म्हटलं. हमीदानं आल्याचा काढा करून दिला.

पुढचा बुधवार. हॉल गच्च, कारण बातमी पसरली होती. पहिला डबा पहिला. लग्न झालं, बायका आपसांत कुजबुजल्या, "काका नाय गं, नवराच तो!" आणि दुसऱ्या डब्यापासून पाट्या सुरू झाल्या. बाई पडद्याशेजारी उभं राहून वाचत होत्या, मी प्रोजेक्टरला एक हात लावून मागून ओरडत होतो. तेव्हा मला कळलं की मिशीवाल्याच्या वाट्याला सगळ्यात जास्त पाट्या आहेत.

बाईंनी वाचलं. मी म्हटलं, "गाडी चलाना औरत का काम नहीं."

बायका हसल्या.

पुढची पाटी. "जहां जाना है मुझे बोलो, मैं ले जाऊंगा."

आणखी हसल्या. दोघीतिघी मागे वळल्या.

पुढची. "अभी टाइम नहीं है. बाद में देखेंगे."

आता सगळा हॉल मागे वळून माझ्याकडे बघत होता. पडद्याकडे कोणाचंच लक्ष नव्हतं. सव्वीस वर्षांत लोक मागे वळून बघत ते मशीन चुकलं म्हणून. त्या दिवशी मशीन अगदी बरोबर चाललं होतं. माझा आवाज मलाच ऐकू येत होता, आणि तो मिशीवाल्याला इतका फिट बसला होता की मला पाट्या ऐकायचीही गरज उरली नाही. एकदा तर बाईंनी वाचायच्या आधीच मी वाक्य बोललो, "लोग क्या कहेंगे?", आणि पाटीवर तेच निघालं. ॲग्नेलो वाजवायचा थांबून कीबोर्डवर डोकं टेकून हसत होता.

हमीदा तिसऱ्या रांगेत होती. तिनं ओढणीचा बोळा तोंडात धरला होता आणि तिचे खांदे हलत होते. माझ्या बायकोला इतकं हसताना मी फार वर्षांत बघितलं नव्हतं. मला राग यायला हवा होता. मला वाईट वाटलं. हसते आहे म्हणून नव्हे, इतकी हसू शकते हे मी विसरलो होतो म्हणून.

शेवटच्या डब्यात मिशीवाला मोटारीसमोर हात पसरून उभा राहतो. त्याची पाटी आली. "घर चलो. सब माफ." मग पडद्यावरच्या मुलीचा चेहरा जवळून दिसतो. सगळा हॉल तिच्या पाटीची वाट बघत होता. पाटी येत नाही. ती गाडी मागे घेते, त्याला वळसा घालते आणि जाते. मी वेग थोडा कमी केला, अठरावरून सोळावर, म्हणजे ती जरा जास्त वेळ जात राहील. हे कोणी सांगितलं नव्हतं. ऑपरेटरला तेवढा हक्क असतो.

घरी जिना चढताना मी म्हटलं, "उद्या तो कागद काढून ठेव."

"कसला?"

"तुला माहीत आहे कसला."

"मना काय म्हायती? तोंडानं सांगा."

मला तोंडानं सांगावं लागलं. लायसनचा. सही मी त्याच दिवशी केली, टेबलावरचा तांब्या उचलून.

हमीदा शिकली. शिकवणारी बहारीनी बाई होती, काळ्या अबायातली, कडक. चुकलं की "खलास!" म्हणून स्वतःच ब्रेक दाबायची. पहिल्या परीक्षेत हमीदा नापास, गाडी मागे घेताना. दुसरीत नापास, चौकातल्या वर्तुळाशी थांबली नाही म्हणून. मी मनातल्या मनात देवाचे आभार मानत होतो, हेही लिहून टाकतो. तिसरीत पास झाली.

एका सोमवारी सकाळी दहा वाजता ती आमची जुनी गाडी घेऊन पहिल्यांदा एकटी निघाली. जैबूनकडे, अरादला. वीस मिनिटांचा रस्ता. मी खिडकीतून बघितलं, तिनं वळताना सिग्नल दिला. साडेदहाला मी अरादला फोन लावला. जैबून म्हणाली, "नाय आली अजून." पावणेअकराला नाही. अकराला नाही. साडेअकराला मी बूट घातले. तिला कुठं शोधायचं ते कळेना म्हणून काढले. सलमानियाला फोन करून विचारावं का, या विचारात फोनशेजारी बसून राहिलो. आयुष्यात प्रथमच मी घरात होतो आणि ती बाहेर, आणि वाट बघणं म्हणजे काय असतं ते मला त्या दोन तासांत पुरतं समजलं.

सव्वाबाराला फोन वाजला. अरादहून, हमीदा.

"कुठं होतीस?" मी ओरडलोच.

"खंय नाय."

"कुठं नाही म्हणजे? दोन तास!"

"गाडी चालवत व्हते."

"पण कुठं चालवत होतीस?"

"अवो, सांगते ना खंय नाय. नुसतीच चालवत व्हते. समुद्राच्या बाजूनं गेले, मग रस्ता व्हता तसा गेले."

बहीण, बाजार, दवाखाना, ही कारणं मला समजायची, आणि प्रत्येक कारणाला मी सुट्टीच्या दिवशी एक फेरी मारून ते मिटवत असे. हे कारण तिनं मला चार वर्षांत कधी सांगितलंच नाही. सांगितलं असतं तर मी ते कारण म्हणून धरलं नसतं.

"बरं," मी म्हटलं. "जैबूनकडे किती वेळ आहेस?"

"चा पिते नि निघते."

"घरी येतेस ना?"

पलीकडे कपबशी वाजली. जैबून काहीतरी बोलून हसली. मग हमीदाचा आवाज आला.

"बघू."